हरवलेल्या रिळांच्या शोधात : पर्ल बाउझर

१९१५ साली डॉ. बाबासाहेब आंबेडकर न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात शिकत होते. त्याच वर्षी मार्च महिन्यात त्याच शहरात एक मूकपट लागला. नाव होते 'द बर्थ ऑफ अ नेशन', म्हणजे 'एका राष्ट्राचा जन्म'. दिग्दर्शक डी. डब्ल्यू. ग्रिफिथ. सुमारे तीन तासांच्या या चित्रपटात गुलामगिरीतून नुकतेच सुटलेले काळे लोक दारुडे, आळशी आणि गोऱ्या स्त्रियांवर टपलेले दाखवले होते. त्यातल्या महत्त्वाच्या काळ्या भूमिका गोऱ्या नटांनीच तोंडाला काळे फासून केल्या होत्या. आणि गोऱ्यांचे रक्षणकर्ते कोण, तर पांढरे झगे घालून माणसे मारणारी कू क्लक्स क्लान ही संघटना! अमेरिकेचे अध्यक्ष वुड्रो विल्सन यांनी हा चित्रपट व्हाइट हाउसमध्ये पाहिला. मोडीत निघालेली क्लान संघटना त्याच वर्षाच्या अखेरीस पुन्हा उभी राहिली. काळ्यांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या एन.ए.ए.सी.पी. या संस्थेने गावोगावी निषेध केला, बंदीची मागणी केली. चित्रपट चालूच राहिला आणि त्याने अमाप पैसा मिळवला.

सिनेमाच्या इतिहासाचे कोणतेही जाडजूड पुस्तक उघडा, त्यात या चित्रपटावर पानेच्या पाने सापडतील. कॅमेरा कसा फिरवला, दृश्ये कशी जोडली, याचे कौतुक सापडेल. पण पाच वर्षांनी, १९२० साली, एका काळ्या दिग्दर्शकाने या चित्रपटाला सणसणीत उत्तर दिले होते, हे त्या पुस्तकांत फार वर्षे नव्हते. कसे असणार? त्या उत्तराची एकही प्रत अमेरिकेत शिल्लक नव्हती.

त्या दिग्दर्शकाचे नाव ऑस्कर मिशो. त्याचे आणि त्याच्यासारख्या कित्येकांचे काम पुन्हा लोकांपुढे यावे म्हणून जिने आयुष्याची पन्नासएक वर्षे घातली, ती बाई म्हणजे पर्ल बाउझर. माहितीपट करणारी, चित्रपटांचा इतिहास गोळा करणारी आणि तो पेटीत बंद न ठेवता लोकांना दाखवत फिरणारी. आमच्या मराठी वाचकांना हे नाव बहुधा नवे असेल. म्हणूनच आज त्यांच्याविषयी थोडे सविस्तर लिहीत आहोत.

धुणीभांडी करणाऱ्या आईची मुलगी

पर्लबाईंचा जन्म २५ जून १९३१ चा, न्यूयॉर्कच्या हार्लेम वस्तीतला. हार्लेम म्हणजे काळ्या लोकांची मोठी वस्ती, बाबासाहेबांच्या कोलंबिया विद्यापीठाला अगदी लागून. पर्लबाईंची आई गोऱ्यांच्या घरी घरकाम करायची. लहानगी पर्ल आईचे बोट धरून त्या घरी जायची आणि हाताला झेपतील अशी बारीकसारीक कामे करायची. मुंबईच्या चाळीत नि झोपडपट्टीत वाढलेल्या आमच्या कितीतरी भगिनींना हे चित्र वेगळे समजावून सांगण्याची गरज नाही. दुसऱ्याच्या घरातले शोकेस पुसताना लहान मुलीच्या मनात काय काय येते, ते त्यांना ठाऊक आहे.

मुलगी हुशार निघाली. शिष्यवृत्तीवर ब्रुकलिन कॉलेजात जीवशास्त्र शिकायला गेली, पण ते शिक्षण पुरे झाले नाही. सी.बी.एस. या मोठ्या दूरचित्रवाणी कंपनीत तिने नोकरी धरली. कोणता कार्यक्रम किती घरांत पाहिला गेला, याचे आकडे तपासण्याचे काम होते. रूक्ष काम! पण आम्हाला वाटते, पुढे त्यांच्या कामाला जे वळण लागले त्याचे बी इथेच असावे. पडद्यावर काय दिसते एवढेच पाहून भागत नाही, पडद्यासमोर कोण बसले आहे, तेही मोजावे लागते, हे त्यांना चांगले कळलेले होते.

लग्नानंतर संसार ब्रुकलिनमध्ये झाला. तो काळ नागरी हक्क चळवळीचा. पती लिरॉय बाउझर आणि पर्लबाई, दोघेही चळवळीतले. साठच्या दशकात काळ्यांच्या जुन्या चित्रपटांवर पुस्तक करायचे ठरले आणि त्याच्या संशोधनाचे काम पर्लबाईंकडे आले. त्यासाठी त्या कॅलिफोर्नियात गेल्या. जुने नट, नट्या आणि तंत्रज्ञ तेव्हा म्हातारपणात कुठे कुठे राहत होते. त्यांना गाठून त्यांनी आठवणी टेपवर घ्यायला सुरुवात केली. मग ते वेड सुटले नाही.

येथे एक गंमत सांगितली पाहिजे. पर्लबाईंचे पहिले पुस्तक सिनेमावर नाही, स्वयंपाकावर आहे! १९७० साली एका सहलेखिकेबरोबर त्यांनी काळ्या लोकांच्या जेवणाचे पुस्तक काढले. 'अ पिंच ऑफ सोल' हे त्याचे नाव. काळ्यांच्या त्या जेवणाला अमेरिकेत 'सोल फूड' म्हणतात. मालकाने टाकून दिलेले डुकराचे पाय, आतडी, मक्याचे पीठ, शेताच्या कडेचा पाला, यातून गुलाम बायांनी जे चविष्ट अन्न शिजवले तेच हे. आपल्याकडे शाहू पाटोळे यांनी २०१५ साली 'अन्न हे अपूर्णब्रह्म' लिहून मराठवाड्यातील महार-मांगांच्या चुलीवरचे पदार्थ नोंदवले, तेव्हा अनेकांनी नाके मुरडली आणि अनेकांचे डोळे भरून आले. आई काय शिजवत होती, हाही इतिहासच आहे. पर्लबाईंना तो कढईत दिसला, तसाच रिळातही दिसला.

त्याच १९७० साली न्यूयॉर्कच्या ज्यूइश म्युझियममध्ये त्यांनी काळ्यांच्या जुन्या-नव्या चित्रपटांचा महोत्सव भरवला. ज्या चित्रपटांची नावेसुद्धा लोक विसरले होते, ते पुन्हा पडद्यावर आले.

'रेस मूव्ही' म्हणजे काय?

अमेरिकेच्या दक्षिण भागात तेव्हा कायद्यानेच शिवाशीव होती. शाळा वेगळी, नळ वेगळा, आगगाडीचा डबा वेगळा. सिनेमागृहात काळ्यांना एक तर प्रवेशच नसे, किंवा बाजूच्या जिन्याने वर जाऊन अगदी माथ्यावरच्या बाल्कनीत बसावे लागे. काही थेटरांचे मालक आणखी एक युक्ती करीत. गोरे प्रेक्षक रात्री घरी गेले की मध्यरात्री काळ्यांसाठी खास खेळ लावीत. खुर्च्या त्याच, पडदा तोच, पैसेही घ्यायचे, फक्त माणसे वेळेने वेगळी केलेली. या मध्यरात्रीच्या खेळांना 'मिडनाइट रॅम्बल' म्हणत. गावकुसाबाहेरचा न्याय असा घड्याळातही आणता येतो, हे वाचून आम्ही थक्क झालो.

अशा प्रेक्षकांसाठी काळ्या कलावंतांना घेऊन जे चित्रपट निघाले, ते 'रेस मूव्ही'. येथे 'रेस' म्हणजे वंश, आपला समाज. घोड्यांच्या शर्यतीशी याचा संबंध नाही. आपल्या समाजासाठी झटणाऱ्याला काळे लोक त्या काळी अभिमानाने 'रेस मॅन' म्हणत. १९१५ पासून पन्नासच्या दशकाच्या आरंभापर्यंत असे सुमारे ५०० चित्रपट निघाले. त्यांतले शंभरही आज शिल्लक नाहीत.

का नाहीत? पहिले कारण फिल्मचेच. तेव्हाची फिल्म नायट्रेटची. ती चटकन पेट घेते, आणि पेटली नाही तर कुजून चिकट होते, शेवटी तिची भुकटी होते. दुसरे कारण गरिबीचे. मोठ्या कंपन्या एका चित्रपटाच्या शेकडो प्रती काढीत, यांच्याकडे हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या. त्याच प्रती गावोगाव फिरून झिजायच्या. प्रत्येक गावचे सेन्सॉर आपल्या मर्जीने तुकडे कापायचे, ते तुकडे परत कोण जोडणार? चित्रपट जुना झाला की फिल्ममधली चांदी काढण्यासाठीही रिळे विकली जात. आणि तिसरे कारण म्हणजे, हे जपण्यासारखे आहे असे ज्यांच्या हाती तिजोऱ्या होत्या त्यांना वाटलेच नाही.

अपवाद होते, पण ते घरातलेच. जॉर्ज जॉन्सन नावाचा एक काळा गृहस्थ ओमाहा शहरात टपाल खात्यात नोकरी करायचा. त्याच्या भावाने, नोबल जॉन्सनने, १९१६ मध्ये 'लिंकन मोशन पिक्चर कंपनी' काढली. जॉर्ज नोकरी सांभाळून चित्रपटांच्या वितरणाचे काम पाहायचा आणि काळ्या सिनेमाविषयी जे छापून येईल ते कात्रण जपून ठेवायचा. पत्रे, जाहिराती, फोटो, सगळे! आज तो संग्रह कॅलिफोर्निया विद्यापीठात आहे आणि या विषयावर लिहिणाऱ्या प्रत्येकाला त्याच्या दारात जावे लागते. टपाल खात्यात पिढ्या घालवलेली कितीतरी कुटुंबे आमच्या वाचकांत आहेत. त्यांना या जॉर्जरावांची ओळख मुद्दाम करून दिली.

मिशो नावाचा हिकमती माणूस

आता ऑस्कर मिशो. १८८४ साली इलिनॉय राज्यात जन्म. आईबापांचा जन्म गुलामगिरीतला. मुलाने तरुणपणी पुलमन कंपनीच्या झोपण्याच्या रेल्वेडब्यांत हमाली-चाकरी केली. त्या डब्यांतल्या प्रत्येक काळ्या चाकराला गोरे प्रवासी 'जॉर्ज' म्हणूनच हाक मारीत, कारण कंपनीच्या मालकाचे नाव जॉर्ज पुलमन. माणसाला स्वतःचे नावसुद्धा ठेवू दिले नाही! पैसे साठवून मिशोने साउथ डकोटात जमीन घेतली. आजूबाजूला सगळे गोरे शेतकरी, हा एकटा काळा. दुष्काळ आला, संसार मोडला, जमीन गेली. मग त्याने स्वतःच्या आयुष्यावरच कादंबरी लिहिली, १९१३ साली छापली आणि दारोदार जाऊन विकली. गोऱ्या शेतकऱ्यांनीही ती घेतली.

१९१७ साली त्याची 'द होमस्टेडर' ही कादंबरी निघाली. टपालवाल्या जॉर्ज जॉन्सनला ती आवडली आणि लिंकन कंपनीने तिच्यावर चित्रपट काढायचा विचार केला. मिशोची अट एकच होती, चित्रीकरणावर माझी देखरेख हवी. कंपनी कबूल होईना. तेव्हा कॅमेऱ्याचा कसलाही अनुभव नसलेल्या या माणसाने ठरवले, मीच काढतो! ओळखीच्या शेतकऱ्यांना कंपनीचे शेअर विकले, भांडवल उभे केले आणि १९१९ मध्ये शिकागोत आठ रिळांचा चित्रपट दाखवला. काळ्या दिग्दर्शकाने काढलेला पूर्ण लांबीचा पहिला चित्रपट तो हाच.

तेव्हापासून १९४८ पर्यंत त्याने चाळीसच्या वर चित्रपट काढले. कसे? गाडीत रिळांचे डबे, पुढच्या चित्रपटाच्या नटनट्यांचे फोटो आणि कथेचे बाड घालून तो गावोगाव जाई. थेटरवाल्याला फोटो दाखवून आगाऊ पैसे घेई आणि त्या पैशांत पुढचा चित्रपट काढी. आपल्याकडे जत्रेतल्या तंबूच्या सिनेमाचे मालक असेच डबे घेऊन फिरत, फक्त ते दुसऱ्यांचे चित्रपट दाखवीत, हा स्वतःचे. नटांना तो 'काळा व्हॅलेंटिनो', 'सावळी मे वेस्ट' अशी नावे लावून विकी. नटाची चूक झाली तरी दृश्य पुन्हा घ्यायला फिल्म परवडत नसे, ती चूक तशीच पडद्यावर जाई. १९२५ च्या 'बॉडी अँड सोल'मध्ये त्याने पॉल रोबसन यांना प्रथम पडद्यावर आणले. पुढे जगभर गाजलेल्या या गायक-नटाची त्यात दुहेरी भूमिका आहे. त्यातली एक आहे धर्मोपदेशकाचा वेश घेऊन भाबड्या बायांना लुबाडणाऱ्या भामट्याची. आपल्याच समाजातल्या बुवाबाजीवर असे कोरडे ओढायला धाडस लागते. सेन्सॉरने त्यालाही खूप छळले.

माद्रिदमध्ये सापडलेले उत्तर

आरंभी ज्या उत्तराचा उल्लेख केला ते म्हणजे मिशोचा १९२० चा चित्रपट, 'विदिन अवर गेट्स'. त्याची कथा थोडी सांगितलीच पाहिजे.

सिल्व्हिया लँड्री ही काळी शिक्षिका. दक्षिणेतल्या काळ्या मुलांची शाळा पैशांअभावी बंद पडायला आली आहे, म्हणून ती वर्गणी गोळा करायला उत्तरेत येते. तिचा पूर्वेतिहास चित्रपटाच्या शेवटच्या भागात उलगडतो. तिला सांभाळणारा जास्पर लँड्री हा वाट्याने शेती कसणारा कूळ. जमीनदार दरवर्षी हिशेबात फसवतो. पण आता घरात शिकलेली मुलगी आहे. सिल्व्हिया वही मांडते, हिशेब काढते आणि जास्पर तो कागद घेऊन जमीनदाराकडे जातो. त्याच वेळी जमीनदारावर राग असलेला दुसराच एक गोरा माणूस खिडकीतून गोळी झाडतो. जमीनदार मरतो, आळ जास्परवर येतो. मग जमाव निघतो. त्यात बायका आहेत, पोरे आहेत. जास्पर आणि त्याची बायको यांना फासावर चढवून जाळले जाते. लहान मुलगा कसाबसा निसटतो. आणि त्याच वेळी मेलेल्या जमीनदाराचा भाऊ सिल्व्हियावर हात टाकतो. झटापटीत तिच्या छातीवरचा व्रण त्याला दिसतो आणि ओळख पटते, ही त्याचीच मुलगी आहे.

ग्रिफिथने काळ्या पुरुषाला गोऱ्या स्त्रीवर झडप घालताना दाखवले होते. मिशोने दाखवले ते नेमके उलटे, आणि पिढ्यान्पिढ्या तेच प्रत्यक्षात घडत आले होते. खैरलांजी (२००६) ज्यांनी सोसले, त्या समाजाच्या वाचकाला ही कथा शंभर वर्षांपूर्वीची वाटणार नाही. शिकलेली मुलगी, जमिनीचा वाद आणि मग जमाव!

शिकागोत १९१९ च्या जुलैमध्ये वांशिक दंगल होऊन २३ काळे आणि १५ गोरे ठार झाले होते. सेन्सॉर मंडळाने प्रथम हा चित्रपट नाकारला. पुन्हा दंगल पेटेल, ही भीती होती. ग्रिफिथच्या चित्रपटाच्या वेळी ही भीती कुठे गेली होती, असा प्रश्न आम्हाला पडतो. शेवटी जानेवारी १९२० मध्ये तो लागला, अनेक गावी कापूनच लागला, आणि पुढे नाहीसा झाला.

सत्तरच्या दशकाच्या अखेरीस स्पेनची राजधानी माद्रिद येथील फिल्म संग्रहालयात 'ला नेग्रा' नावाचा एक मूकपट आढळला. 'ला नेग्रा' म्हणजे 'काळी बाई'. पाहतात तो 'विदिन अवर गेट्स'! कधीतरी एक प्रत समुद्र ओलांडून स्पेनमध्ये गेली होती आणि तिथे वाचली होती. त्यात पडद्यावर येणाऱ्या मजकुराच्या पाट्या स्पॅनिश होत्या. त्यांचे पुन्हा इंग्रजी करून अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने १९९३ साली हा चित्रपट दुरुस्त करून पुढे आणला. मधला एक प्रसंग मात्र आजही नाही. क्लानला उघडे पाडणारा मिशोचा 'द सिम्बॉल ऑफ द अनकाँकर्ड' असाच बेल्जियममध्ये मिळाला, पण क्लानच्या पराभवाचे मुख्य दृश्यच त्यातून गळालेले आहे. मिशोच्या वीसेक मूकपटांपैकी आज जगात तीनच आहेत.

माद्रिदची प्रत पर्लबाईंनी शोधली असे नव्हे, ते श्रेय दुसऱ्या अभ्यासकांचे. पर्लबाईंचे काम वेगळे होते, आणि आमच्या मते ते जास्त चिवट होते. चित्रपट हाती आला तरी तो कोणी पाहिला, कसा पाहिला, पाहून काय वाटले, हे कोण सांगणार? सेन्सॉरची नोंद आणि गोऱ्या वर्तमानपत्रांतले परीक्षण एवढ्यावर इतिहास लिहिला, तर तो पुन्हा मालकाच्या वहीतलाच हिशेब झाला. पर्लबाई म्हाताऱ्या माणसांकडे गेल्या. तिकीट केवढ्याचे होते, कोणत्या दाराने आत जायचे, बाल्कनीत कोण बसायचे, पडद्यावर आपल्यासारखा माणूस कोट घालून, डॉक्टर होऊन आला तेव्हा काय वाटले, हे त्यांनी विचारले. नटनट्यांइतकेच प्रेक्षक त्यांना महत्त्वाचे वाटले. काळ्यांच्या वर्तमानपत्रांच्या जुन्या फायली त्यांनी चाळल्या, कारण मिशोच्या चित्रपटांची खरी चर्चा तिथेच झाली होती.

सत्तरच्या दशकाच्या अखेरीपासून त्या न्यूयॉर्कच्या 'थर्ड वर्ल्ड न्यूजरील' या माहितीपटकारांच्या संस्थेत चित्रपट लोकांपर्यंत नेण्याचे काम पाहू लागल्या. १९८० साली त्यांनी पॅरिसमध्ये काळ्या अमेरिकनांच्या स्वतंत्र सिनेमाचा महोत्सव भरवला, त्यात १९२० पासूनचे चित्रपट होते. ऐंशीच्या दशकात आफ्रिका, युरोप आणि अमेरिका या तीन खंडांतल्या काळ्यांच्या चित्रपटांचा फिरता दौरा काढला. क्रिस्टिन चॉय यांच्याबरोबर १९८५ मध्ये 'नामिबिया : इंडिपेंडन्स नाऊ!' हा माहितीपट केला. दक्षिण आफ्रिकेच्या गोऱ्या सत्तेखाली असलेल्या नामिबियाला स्वातंत्र्य मिळायला तेव्हा पाच वर्षे अवकाश होता.

पण पर्लबाईंचे नाव ज्या माहितीपटाने सर्वत्र गेले तो १९९४ चा 'मिडनाइट रॅम्बल'. त्यांनी आणि बेस्टर क्रॅम यांनी मिळून तो दिग्दर्शित केला. अमेरिकेच्या सार्वजनिक दूरचित्रवाणीवर, इतिहासाच्या एका नामांकित मालिकेत तो दाखवला गेला. तासाभराचाच आहे. त्यात जुन्या रिळांचे तुकडे आहेत आणि त्यांच्या मधून म्हातारे कलावंत, लेखक, प्रेक्षक बोलतात. कॅलिफोर्नियातल्या त्या पहिल्या फेरीला तोवर पाव शतक उलटून गेले होते आणि टेपवर बोललेली किती माणसे जगातून गेली होती! माहितीपटाचे नाव मुद्दाम पाहा. चित्रपटाचे नाही, दिग्दर्शकाचे नाही, मध्यरात्री उठून थेटरात जाणाऱ्या प्रेक्षकांच्या खेळाचे नाव आहे.

मिशोला देव केले नाही, हे आम्हाला विशेष वाटते. त्याच्यावर त्याच्या काळातच टीका झाली होती. नायक-नायिका उजळ रंगाच्या आणि गुंड-विदूषक गडद रंगाचे, ही तक्रार जुनी. १९३८ साली 'गॉड्स स्टेप चिल्ड्रन' या चित्रपटाविरुद्ध न्यूयॉर्कमध्ये निदर्शने झाली. काळ्यांच्यातच रंगावरून उच्चनीच मानणारी ही वृत्ती, आणि आपल्याकडची पोटजातींची उतरंड, यांत फार अंतर नाही. लग्नाच्या जाहिरातीत 'गोरी' शब्द छापणाऱ्या आमच्या बांधवांनी तर यावर बोलायचेच नाही! पण टीका करण्यासाठीही चित्रपट हाताशी असावा लागतो. जो नाहीसा झाला त्याची ना स्तुती करता येते, ना चिकित्सा.

याच संदर्भात एक गोष्ट सांगण्याजोगी आहे. जुलै १९४६ मध्ये बाबासाहेबांनी काळ्यांचे थोर नेते डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉइस यांना पत्र लिहिले. संयुक्त राष्ट्रांकडे काळ्यांच्या वतीने जाणाऱ्या अर्जाविषयी त्यांना माहिती हवी होती. ड्यू बॉइस यांनी लगेच उत्तर दिले. हा पत्रव्यवहार आज आपण वाचू शकतो, तो ड्यू बॉइस यांचे कागदपत्र मॅसॅच्युसेट्स विद्यापीठात जपून ठेवले गेले म्हणून. एन.ए.ए.सी.पी. च्या संस्थापकांत ते होते, आणि ग्रिफिथच्या चित्रपटाविरुद्ध उठलेली संस्था तीच. आपल्याकडे आनंद पटवर्धन यांनी 'जय भीम कॉम्रेड' (२०११) मध्ये शाहीर विलास घोगरे आणि आंबेडकरी जलशांची गाणी टिपली, म्हणून ती आवाजासह राहिली. ज्या जलसाकारांची वहीदेखील उरली नाही, त्यांची यादी कोण करणार?

२००० साली पर्लबाईंनी लुईस स्पेन्स यांच्यासह मिशोच्या मूकपटांवर आणि त्यांच्या प्रेक्षकांवर मोठे पुस्तक लिहिले. 'रायटिंग हिमसेल्फ इंटू हिस्टरी' हे त्याचे नाव, म्हणजे इतिहासात स्वतःला स्वतःच लिहून ठेवणे. दुसऱ्या वर्षी अन्य अभ्यासकांबरोबर संपादित केलेला ग्रंथ आला. २०१६ मध्ये काळ्यांच्या या जुन्या चित्रपटांचा पाच डिस्कचा संच दुरुस्त करून बाजारात आला. एके काळी जे मध्यरात्री चोरट्यासारखे पाहावे लागे, ते आता कोणीही घरी बसून पाहू शकतो. 'विदिन अवर गेट्स' तर इंटरनेटवर फुकट पाहायला मिळतो. घरात शिकणारी मुले असतील तर त्यांच्याबरोबर बसून जरूर पाहावा. मूकपट असल्याने भाषेची अडचण थोडी, पाट्यांचा अर्थ मुलेच सांगतील. शेवटचा भाग मात्र फार लहानांना दाखवू नये.

इतक्या वर्षांत जमवलेल्या फिल्म, मुलाखतींच्या टेप, फोटो आणि कागद यांचे पुढे काय, हा प्रश्न पर्लबाईंनी हयातीतच सोडवला. २०१२ साली त्यांनी आपला संग्रह वॉशिंग्टनच्या आफ्रिकन-अमेरिकन इतिहास व संस्कृती राष्ट्रीय संग्रहालयाला दिला. त्या वेळी संग्रहालयाची इमारतही पुरी झालेली नव्हती, ते २०१६ च्या सप्टेंबरात खुले झाले. घरकाम करणाऱ्या बाईच्या लेकीने उभारलेला ठेवा आता देशाच्या राजधानीत, सरकारी देखभालीत आहे. १४ सप्टेंबर २०२३ रोजी ब्रुकलिनमध्ये वयाच्या ९२ व्या वर्षी त्यांचे निधन झाले.

मिशो १९५१ सालीच गेला. कॅन्ससमधल्या ग्रेट बेंड गावी त्याला पुरले आहे. 'द होमस्टेडर', म्हणजे शेतकऱ्यांना शेअर विकून काढलेला तो पहिला चित्रपट, याची प्रत अद्याप कुठेही मिळालेली नाही.